अर्जुनरावांनी तवा सपाट केला

माणूस नोकरीतून सुटला की घरातल्या वस्तूंच्या मागे साडेसाती लागते. अर्जुनराव लोमट्यांच्या घरात ती जरा जास्तच जोरात लागली, कारण अर्जुनराव तेहेतीस वर्षं टूलरूममध्ये सरफेस ग्राइंडरवर होते. हे काम ज्याला ठाऊक नाही त्याला एवढंच सांगायला हवं, की लोखंडाचा तुकडा फिरत्या दगडाखाली घालून इतका सपाट करायचा, की त्यावर दुसरा सपाट तुकडा ठेवला तर मधून उजेडसुद्धा जाता कामा नये. आधी पिंपरीत आणि कंपनी हलली तसं महाळुंग्यात, अर्जुनरावांनी आयुष्यभर केसाच्या दहाव्या हिश्शासाठी लोकांशी भांडणं केली. मागे सगळे त्यांना ‘मायक्रॉनराव’ म्हणत. ते त्यांना माहीत होतं आणि मनातून आवडतही होतं.

असा माणूस चिखलीतल्या तिसऱ्या मजल्यावरच्या दोन खोल्यांत चोवीस तास मोकळा सुटला. पहिल्या आठवड्यात त्यांनी कपडे वाळत घालायची दोरी पाणसळ लावून सरळ केली. दुसऱ्या आठवड्यात स्वयंपाकघरातल्या डब्यांवर नावं चिकटवली. हळदीच्या डब्यावर ‘हळद’ अशी चिठ्ठी बघून त्यांच्या पत्नी चतुराबाई म्हणाल्या, “बरं झालं. मी आजवर जिरं समजून घालायले होते.” तिसऱ्या आठवड्यात देवघरातल्या तसबिरी एका रेषेत आल्या. चतुराबाई हात जोडून देवाला म्हणाल्या, “तुम्हालाबी सोडलं नाही, आता मी कुणाकडं तक्रार करू?”

चतुराबाईंचं बोलणं असंच. अंबाजोगाईहून लग्न करून आल्या त्या बोलतच आल्या, आणि इतकी वर्षं थांबल्या नाहीत. त्या गप्प झाल्या की शेजारच्या आक्काबाई दार वाजवून विचारायच्या, सगळं ठीक आहे ना. या बोलण्याखाली अर्जुनरावांचा संसार मजेत चालला होता. पण निवृत्तीनंतर त्यात एक वाक्य वारंवार येऊ लागलं, “तुम्ही नुसतं बसा बरं.” चहाला हात लावला, नुसतं बसा. भाजी निवडायला घेतली, नुसतं बसा. ज्या हातांनी कंपनीतल्या साहेबांना तोंडात बोट घालायला लावलं, त्या हातांना घरात काही कामच नव्हतं. हे अर्जुनरावांना फार लागे. ते कुणाला सांगत नसत, फक्त पाणसळ शोधत.

अशात एक दिवस अलमेलूअम्मांचा फोन आला. पंचवीस-तीस वर्षांपूर्वी रहाटणीत भाड्याच्या खोलीत राहायचे तेव्हा या अम्मा शेजारी होत्या. त्यांचे यजमान फाउंड्रीत होते, मूळ गाव सेलम. यजमान निवृत्त झाल्यावर दोघं गावी परत गेली होती. आता पुतण्याच्या लग्नाला पुण्यात येणार होती आणि रविवारी सकाळी चतुराबाईंकडे नाश्त्याला.

“अडईच करणार,” चतुराबाईंनी फोन ठेवायच्या आधीच जाहीर केलं.

अडई म्हणजे काय, यावर या घरात जुना वाद होता. अर्जुनरावांचं म्हणणं, हे आपलं धिरडंच की. चतुराबाईंचं म्हणणं, ज्याला धिरड्यात आणि अडईत फरक कळत नाही त्यानं मायक्रॉनच्या गप्पा मारू नयेत. तूर, हरभरा, उडीद आणि मूग अशा चार डाळी, बरोबर तांदूळ, सगळं भिजवायचं. लाल मिरच्या, हिंग, आलं घालून भरड वाटायचं. डोश्यासारखं आंबवत बसायचं नाही. तवा तापला की जाडसर पसरायचं, मधोमध उलथन्याच्या टोकानं भोक पाडायचं आणि त्या भोकात थेंबभर तेल सोडायचं. अम्मांनी शिकवलं ते एवढंच. सोबत शेंगदाण्याची चटणी आणि गुळाचा खडा, ही अंबाजोगाईची भर. अर्जुनरावांची पहिली पाळी असायची तेव्हा चतुराबाई पहाटे चारला उठून दोन अडया डब्यात घालायच्या. टूलरूममध्ये त्या डब्यावर सगळ्यांचा डोळा असे.

आणि हे सगळं व्हायचं एका बिडाच्या तव्यावर. जाड, जडशीळ, काळाकुळकुळीत तवा. अम्मांनी दिलेला. तो अम्मांच्या आजीच्या काळचा असावा, असं अर्जुनरावांनी स्वतःच कधीतरी ठरवून टाकलं होतं आणि आल्यागेल्याला तसं सांगतही होते. चतुराबाई त्याला कुणाला हात लावू देत नसत. साबण तर दाखवायचाच नाही. वापरून झाला की फडक्यानं पुसायचा, तेलाचं बोट फिरवायचं आणि ओट्याखाली उभा ठेवायचा.

पाहुणे येणार म्हणून चतुराबाईंची पंधरा दिवस तयारी चालली. अम्मांनी शिकवलं ते अम्मांनाच करून वाढायचं, याचा त्यांना भारी उत्साह होता. “माझी परीक्षाच हाय म्हणा की,” असं त्या आक्काबाईंना दिवसातून दोनदा सांगत. अर्जुनराव विचारत, मी काय करू? उत्तर ठरलेलं होतं.

शुक्रवारी चतुराबाई मुलीकडे, विजयश्रीकडे रहाटणीला एका दिवसासाठी गेल्या. घर अर्जुनरावांच्या ताब्यात आलं. आणि पाणी प्यायला म्हणून स्वयंपाकघरात गेलेल्या अर्जुनरावांना ओट्याखाली तवा दिसला.

इतकी वर्षं त्यावरचं खाल्लं, पण तव्याकडे त्यांनी कधी बघितलं नव्हतं. आता बघितलं ते टूलरूमच्या डोळ्यांनी. पट्टी आडवी लावली, तर एका अंगाला चांगला दीड मिलिमीटर उजेड! मधे फुगलेला, कडेला उतरलेला. वर काळा थर, आणि तोही सारखा नाही, इथे जाड तर तिथे पातळ. म्हणजे ही बाई इतकी वर्षं या असल्या तव्यावर अडया काढत होती! तेल एका बाजूला पळत असणार, एक कड करपत असणार, दुसरी कच्ची राहत असणार. बिचारी कधी बोलली नाही. (बोलली नाही असा एकमेव विषय चतुराबाईंच्या आयुष्यात असेल तर तो संशयास्पद आहे, हे अर्जुनरावांच्या लक्षात यायला हवं होतं. आलं नाही.)

त्यांचा ऊर भरून आला. अखेर या घरात असं एक काम सापडलं होतं, जे साऱ्या चिखलीत त्यांच्यासारखं कुणी केलं नसतं.

तवा पिशवीत घालून ते ज्ञानेशच्या शेडवर गेले. ज्ञानेश म्हणजे त्यांच्या हाताखाली शिकलेला अप्रेंटिस. आता त्याचं स्वतःचं वर्कशॉप होतं, आणि त्यात एक जुना पण चांगल्या हाडाचा सरफेस ग्राइंडर.

“सर, हा तवा आहे,” ज्ञानेश म्हणाला.

“मग? बीडच आहे ना?”

“पण सर, यावर वहिनी डोसे करतात ना? माझी आई म्हणते, तव्याला...”

“तुझी आई टूलरूममध्ये होती का?”

ज्ञानेश गप्प बसला. गुरूपुढे बोलायचं नाही हे त्याला अर्जुनरावांनीच शिकवलं होतं, आणि त्याचं फळ आता अर्जुनरावांना मिळणार होतं.

तीन तास काम चाललं. खाली पॅकिंग देऊन तवा चुंबकाच्या पाटावर घट्ट बसवला. दगड फिरला, थंड पाण्याची धार सुटली आणि काळा थर पातळ चिखल होऊन वाहून गेला. खालून करडं बीड निघालं, मग पांढरं, मग चकचकीत. अर्जुनराव प्रत्येक फेरीला सपाटी मोजायचा डायल लावून बघत होते. कित्येक महिन्यांनी त्यांच्या अंगाला तो तेलकट वास लागला आणि ते शिट्टी वाजवायला लागले. शेवटी डायलचा काटा एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत जागचा हलला नाही. “घे,” ते ज्ञानेशला म्हणाले, “अख्ख्या हिंदुस्थानात इतका सपाट तवा कुणाच्या घरात नसेल.” हे मात्र अगदी खरं असावं.

शनिवारी दुपारी चतुराबाई परतल्या. अर्जुनरावांनी तवा गंजरोधक कागदात गुंडाळून डायनिंग टेबलावर ठेवला होता, वर एक जास्वंदही ठेवलं होतं. चतुराबाईंनी हसत हसत कागद उलगडला. तव्यात त्यांना स्वतःचा चेहरा दिसला.

“मिलिमीटरच्या दोन शतांशाच्या आत,” अर्जुनराव म्हणाले. “कुठंही पट्टी लाव.”

चतुराबाईंनी पट्टी लावली नाही. त्यांनी तव्यावरून तळहात फिरवला, एकदा इकडून, एकदा तिकडून. मग म्हणाल्या, “बरं.” आणि डाळी भिजत घालायला आत गेल्या.

बरं! एवढंच. अर्जुनराव वाट बघत राहिले. शिव्या आल्या नाहीत, टोमणा आला नाही, नुसतं बसा हेही आलं नाही. संध्याकाळी आक्काबाईंनी दार वाजवलं. “काय हो, सगळं ठीक ना?” अर्जुनराव म्हणाले, हो हो. काहीतरी मोठं बिघडलंय एवढं त्यांना कळलं, फक्त काय ते कळत नव्हतं.

ते रविवारी सकाळी कळलं. चतुराबाईंनी तवा तापवला, तेल फिरवलं, कांद्याची फोड फिरवली, पीठ घातलं. कड सुटायची वेळ झाली तरी सुटेना. उलथनं घातलं, तर वरचं वर आलं आणि खालचं तव्याला धरून बसलं. दुसरी अडई तशीच. तिसरीला गॅस बारीक केला, चौथीला मोठा केला. पाचवी खरवडताना उलथनं त्या आरशावरून कर्रकन घसरलं. तो आवाज ऐकून अर्जुनरावांच्या अंगावर काटा आला. तेव्हासुद्धा त्यांच्या मनात आधी ओरखड्याचा विचार आला, हे त्यांनी पुढे स्वतःच कबूल केलं.

“चिकटायलंय का?” त्यांनी दारातून विचारलं.

चतुराबाईंनी मान हलवली. डोळ्यांतलं पाणी मिरचीचं म्हणावं, तर मिरच्या काल वाटून झाल्या होत्या.

अर्जुनराव हादरले. पण माणूस कामाचा, हात टेकून बसणारा नव्हे. त्यांनी लगेच उपाय शोधला. तवा अम्मांच्या घराण्यातला. तिकडे तसे आणखी असणारच. अम्मांच्या पाया पडायचं, चूक कबूल करायची आणि एक जुना, तयार, काळा तवा सेलमहून मागवायचा. जुना भाग खराब झाला की नवा बदलून बसवायचा, यात नवल ते काय?

आठ वाजता अम्मा आल्या. यजमान बाहेर पेपर घेऊन बसले. अम्मा थेट स्वयंपाकघरात शिरल्या, चतुराबाईंना मिठी मारली आणि गॅसवरच्या तव्याकडे बघून थबकल्या.

“अय्यो, हे काय? आरसा ठेवला गॅसवर?”

अर्जुनरावांनी सगळं सांगितलं. पट्टी, उजेड, ज्ञानेशची शेड, काहीही न लपवता. शेवटी हात जोडून म्हणाले, “अम्मा, तुमच्या घराण्यातली वस्तू मी खराब केली. तुमच्याकडं तसा दुसरा एखादा जुना तवा असेल तर द्या. मी स्वतः सेलमला येऊन घेऊन जातो.”

अम्मा आधी हसल्या. पदर तोंडाला लावून, ओट्याला धरून हसल्या. मग त्यांनी चतुराबाईंकडे बघितलं आणि हसू थांबलं.

“माझ्या घराण्यातलं नाही हो ते,” त्या म्हणाल्या. वीस वर्षं रहाटणीत काढल्यानं त्यांचं मराठी अजून टिकून होतं. “तुमच्या विजूचा पहिला वाढदिवस होता ना, तेव्हा मी गावाकडून दोन नवे तवे आणले. एक मला, एक चतुराला. एकदम नवे, करडे. पहिले सहा महिने ही रोज रडायची, चिकटतं म्हणून. माझ्या तव्याला मी कंटाळले, भंगारात दिला, नॉनस्टिक घेतलं. हिनं सोडलं नाही. ते काळं सगळं हिनं रोज तेल मुरवून केलेलं. तसा तवा मी कुठून देऊ? कुणाकडेच नाही.”

अर्जुनरावांनी पुढे होऊन गॅस बंद केला आणि ते तव्यापुढे तसेच उभे राहिले. कंपनीत एकदा महिनाभराचं काम त्यांच्या हातून एका चुकीच्या आकड्यानं भंगारात गेलं होतं, तेव्हा ते असे उभे राहिले होते. पण ते काम त्यांचं स्वतःचं होतं.

नाश्ता मात्र झाला. अम्मांनी खरवडलेल्या पाच अडयांचा चुरा कढईत घातला, वर मोहरी-कढीपत्त्याची फोडणी दिली, लिंबू पिळलं आणि म्हणाल्या, आमच्याकडे मुद्दाम असं करतात. करत असतील किंवा नसतीलही. यजमानांनी तीनदा मागून घेतलं. चतुराबाई हसल्या, बोलल्या, लग्नाच्या साड्यांचे फोटो बघितले. अर्जुनरावांनी मान खाली घालून ताट स्वच्छ केलं.

पाहुणे गेल्यावर ते चतुराबाईंच्या समोर जाऊन बसले. “बोल की गं काहीतरी,” ते म्हणाले. “शिव्या दे. असं गप्प राहू नकोस.”

चतुराबाई पदराशी चाळा करत बसल्या होत्या. “काय बोलू?” त्या म्हणाल्या. “तुमच्या तेहेतीस वर्षांची कंपनीनं ढाल दिली. शाल दिली, भाषणं केली. ती ढाल मी रोज पुसते, माझ्या माणसाचं काम म्हणून पुसते. माझ्या कामाला कोण ढाल देणार हो? माझं जे काय होतं ते त्या तव्यावर होतं. कधी ओट्याखालून बाहेर काढला की वाटायचं, चला, एवढं तरी आपण केलं. ते तुम्ही मळ म्हणून धुऊन आणलं.” आवाज चढला नव्हता. “चूक झाली ते जाऊ द्या. पण रोज खात होता की तुम्ही. एकदा तरी विचारायचं होतं, हा असा काळा कसा झाला.”

अर्जुनरावांना स्वतःची लाज वाटली. दुसऱ्याच्या कामात केसाएवढी खोट शोधणाऱ्या माणसाला आपल्या डब्यात रोज काय येतंय, ते कधी दिसलंच नव्हतं.

सोमवारी पहाटे चारला चतुराबाईंना स्वयंपाकघरातून धुराचा वास आला. उठून बघतात तर अर्जुनराव कपाळावर चष्मा चढवून गॅसपुढे उभे. तव्याला तेल लावायचं, धूर येईतो तापवायचं, पुसायचं, परत लावायचं. शेजारी उरलेल्या वाटलेल्या डाळीचं भांडं, त्यात मीठ आणि किसलेलं आलं त्यांनी स्वतः घातलेलं. बाजूला ताटलीत तीन अडयांचे अवशेष, ज्यांना पंचनाम्याशिवाय ओळखणं अवघड होतं.

“काय करायलात ओ?”

“अडई,” अर्जुनराव म्हणाले. “तू बस. नुसतं बस.”

चतुराबाई खरंच स्टूल ओढून बसल्या. चौथी अडई अर्धी निघाली. अर्जुनरावांनी ते अर्धुकं ताटलीत घालून त्यांच्यासमोर ठेवलं. एका कडेला करपलेलं, मधे जाड, भोक पाडायचं राहूनच गेलेलं. चतुराबाईंनी तुकडा मोडला, गुळाला लावला आणि सावकाश खाल्ला.

अर्जुनराव तव्याकडे बघत होते. त्या चकचकीत आरशावर, बरोबर मधोमध, मुरलेल्या तेलाचा रुपयाएवढा तांबूस डाग पडला होता. त्यांनी त्यावरून फडकं हळूच फिरवून बघितलं. तो पुसला जात नव्हता.

“पूर्वीसारखा व्हायला किती दिवस लागतील गं?”

“दिवस?” चतुराबाई म्हणाल्या. “अठ्ठावीस वर्षं लागली मला.”

अर्जुनरावांनी मनात हिशेब केला. हिशेबात ते कधी चुकत नसत. उलथनं हातात तसंच राहिलं. “तेवढी वर्षं नाहीत माझ्याकडं,” ते म्हणाले.

चतुराबाईंनी ताटली त्यांच्यापुढे सरकवली.

“मग रोज दोन-दोन घाला,” त्या म्हणाल्या. “आणि मीठ बघा जरा, कमी पडलंय. त्या डब्यावर तर चिठ्ठीबी लावली होती की तुम्ही. वाचता येत नाही का? आलं किसताना साल काढायचं असतं, ते कोण सांगणार? गॅस बघा, गॅस...”

शेजारी आक्काबाईंनी भिंतीपलीकडून तो आवाज ऐकला आणि कूस बदलून परत झोपल्या. अर्जुनरावांनी गॅस बारीक केला आणि पाचवी अडई घातली.